पाचही बरोबर

आयुष्यात पहिली कॉपी मी पुरवली ती वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी, दुबईच्या एका मैदानावर, भर दुपारी, शेदीडशे माणसांच्या देखत. आणि ज्याला पुरवली तो माणूस फ्रान्सच्या राष्ट्रीय संघातून रग्बी खेळलेला होता.

आमचे अण्णा कऱ्हाडला हेडमास्तर होते. दहावीच्या परीक्षेला केंद्रावर त्यांची ड्युटी लागली की खिडकीखाली चिठ्ठ्या घेऊन उभी राहणारी मंडळी आपोआप पांगायची. एकदा त्यांनी सख्ख्या पुतण्याचा पेपर काढून घेतला. त्यावरून काकू दोन वर्षं आमच्या घरी पाणी प्यायल्या नाहीत. अण्णांचं म्हणणं एकच असायचं, की पेपर हा आपल्याला काय येत नाही ते कळावं म्हणून असतो, उत्तर सांगणारा माणूस तेवढंही काढून घेतो. हे वाक्य मी लहानपणी इतक्यांदा ऐकलं की ते माझ्या कानाला लागायचंच बंद झालं. तसं झालं नसतं तर बरं झालं असतं.

मी फिजिओथेरपिस्ट. राहायला शारजात, अल नहदाला, आणि दवाखाना दुबईत, अल कुसैसला. म्हटलं तर हाकेच्या अंतरावर, पण सकाळी गाडी काढली की पाऊण तास बॉर्डरच्या सिग्नलपाशीच जातो. दवाखान्यात येतात त्या टॅक्सीवाल्यांच्या कमरा, ऑफिसवाल्यांच्या माना आणि साइटवरच्या माणसांचे खांदे. त्यातला राजापूरकडचा परांची बांधणारा एक गृहस्थ मला कायम आठवतो. हात खांद्याच्या वर जात नव्हता आणि तो मला सांगत होता, "मॅडम, तेवढं फिट लिहून टाका. नायतर कंपनी घरी धाडील."

मी लिहून टाकलं. इथे नोकरी गेली की व्हिसा जातो, व्हिसा गेला की घर, मुलांची शाळा, गाडी, सगळंच जातं. म्हणून इथे सगळेजण कायम बरे असतात. गेल्या सतरा वर्षांत मी किती जणांना असं बरं केलंय याचा हिशोब माझ्याकडे नाही, आणि त्याबद्दल मला फार वाईटही वाटत नसे. आपण माणसाला सांभाळून घेतो, आपण चांगल्या आहोत, अशी माझी स्वतःबद्दल समजूत होती.

शनिवारी आमच्या दवाखान्यातून एकीला रग्बी क्लबच्या मॅचसाठी पाठवत. मैदानाच्या कडेला बॅग घेऊन बसायचं आणि कुणी पडलं की पळायचं. पोरीबाळींना शनिवार घरी हवा असायचा, म्हणून ते काम माझ्या गळ्यात आलं. खेळ मला ओ की ठो कळत नव्हता. नवऱ्याने एकदा दहा मिनिटं पाहून निकाल दिला की ही आपली कबड्डीच आहे, उगाच मध्ये चेंडू आणलाय आणि तोही धड गोल नाही.

कोच त्याच वर्षी क्लबच्या मुलांच्या अकादमीचे प्रमुख म्हणून आले. सगळे त्यांना कोचच म्हणत, मीही तेच म्हणायची. वय एकोणपन्नास, कान फुलकोबीसारखे चुरगळलेले, नाक दोन ठिकाणी वाकडं, आणि वागणं मात्र लग्नघरातल्या एखाद्या अगत्यशील मामासारखं. खुर्चीवरून उठून मला बसायला जागा देत. मी घरी आल्यावर सहज सांगितलं की नवीन कोच फ्रेंच आहेत, तर नववीतली लेक मोबाइलवरून मान वर करून म्हणाली, "आई, डू यू इव्हन नो हू ही इज?"

मग तिनेच दाखवलं. पंचवीसेक वर्षांपूर्वीची मॅच. पाऊस, चिखल, शेवटची दोन-तीन मिनिटं, फ्रान्स मागे. आणि लांब केसांचा एक पोरगा आपल्याच टोकाजवळ चेंडू उचलतो आणि सुटतो. एक, दोन, चार जण अंगावर येतात आणि हा त्यांच्यातून निसटत सबंध मैदान पार करून चेंडू पलीकडच्या रेषेमागे टेकवतो. कॉमेंट्री सांगणारा माणूस फ्रेंचमध्ये काहीबाही ओरडत होता आणि शेवटी त्याचा आवाजच बसला. लेक म्हणाली की तिकडे अजून दर वर्षी हे दाखवतात. मला खेळ कळत नाही, पण मी तिला तो व्हिडिओ पुन्हा लावायला सांगितला.

त्यांचा खांदा आणि मान धरलेली असायची. आठवड्यातून दोनदा ते अल कुसैसला आमच्या दवाखान्यात येत आणि रांगेत टॅक्सीवाल्यांच्या शेजारी बसत. एकाही टॅक्सीवाल्याला त्यांनी आपण कोण ते कळू दिलं नाही. आमचं बोलणं इंग्रजीत, दोघांचंही बेताचं, म्हणून छान जमायचं. त्यांची सगळी कारकीर्द मी तशी हातानेच वाचली. डावा खांदा विसाव्या वर्षीचा, राष्ट्रीय संघातल्या पहिल्याच मोसमातला. उजवा गुडघा वेल्समधला, त्यानंतर सबंध वर्ष घरी. बरगड्या दक्षिण आफ्रिकेत. वडील नैर्ऋत्य फ्रान्समधल्या एका लहान गावात बेकरी चालवत, आणि मुलाची निवड झाली त्या सकाळी त्यांनी गावाला पाव फुकट वाटला होता. हे सांगताना कोच दर वेळी हसत आणि दर वेळी डोळे पुसत. उपचार संपला की ते इथे शिकलेला एकुलता अरबी शब्द वापरून विचारत, "खलास?" मी म्हणायची, "खलास, कोच."

एकदा मी त्यांना त्या व्हिडिओबद्दल विचारलं. धावताना काय वाटत होतं, असं काहीतरी बाळबोध.

ते पालथे झोपले होते. तोंड खालीच ठेवून त्यांनी सांगितलं की त्यांना ठाऊक नाही. त्या मॅचच्या पहिल्या भागात कुणाचा तरी गुडघा त्यांच्या डोक्याला लागला होता. "मला हॉटेलातला सकाळचा नाश्ता आठवतो, आणि मग दुसऱ्या दिवशीचं विमान. मधलं सगळं मी तुमच्या मुलीसारखंच पाहिलंय." मग म्हणाले, "लोक येऊन त्या पळण्याबद्दल माझे आभार मानतात. मी म्हणतो, सांगेन त्याला."

त्या दिवशी मी घरी येऊन हे कुणालाच सांगितलं नाही. देशभर लोकांनी जे पंचवीस वर्षं जपून ठेवलंय ते एकट्या त्यांच्याकडेच नाही, याचं मला फार वाईट वाटलं. अशा वेळा त्यांच्या आयुष्यात आणखी किती होत्या ते मी विचारायला हवं होतं. मी तज्ज्ञ म्हणवते. मी मानेला शेक दिला आणि पुढचा पेशंट आत बोलावला.

आता ती नोव्हेंबरमधली मॅच. चाळिशी ओलांडलेल्यांची, हौसेची. कोच कधीमधी त्यात खेळत. अकादमीतली मुलं आणि त्यांचे आईबाप कडेला गर्दी करून, प्रत्येकाच्या हातात फोन. दुसऱ्या भागात ते कुणाला तरी अडवायला खाली वाकले आणि समोरच्याची कंबर त्यांच्या कानशिलावर आदळली. आवाज मला कडेला ऐकू आला. मी बॅग घेऊन पळाले.

डोक्याला मार बसला की विचारायचे पाच प्रश्न ठरलेले असतात. आपण कुठल्या मैदानावर आहोत. खेळाचा कुठला भाग चालू आहे. शेवटचे गुण कुणी केले. गेल्या आठवड्यात कुणाशी खेळलात. ती मॅच जिंकलात का. एक जरी चुकलं तरी खेळाडू बाहेर. खरं तर नुसती शंका आली तरी बाहेर. हा नियम मला झोपेतही सांगता येतो.

मैदानाचं नाव त्यांनी बरोबर सांगितलं. खेळाचा कुठला भाग, असं मी विचारलं आणि ते माझ्याकडे बघत राहिले. ती नजर मी ओळखते, मास्तरच्या घरात वाढलेय. येत नाही आणि येत नाही हे सगळ्यांना कळणार, अशी ती नजर. मागून एक बाप आपल्या मुलाला सांगत होता की बघ, मोठा खेळाडू कसा लगेच उठून उभा राहतो. माझा हात पाण्याच्या बाटलीवर होता. मी बाटलीवर दोन बोटं सरळ केली.

"दुसरा," कोच म्हणाले.

शेवटचे गुण कुणी केले हे विचारताना मी ते गुण केलेल्या लाल शर्टवाल्याकडे पाहिलं. चौथा आणि पाचवा प्रश्न तर मी उत्तरासकटच विचारला, की गेल्या आठवड्यात अबू धाबीवाल्यांशीच ना, आणि जिंकलोच ना आपण. ते म्हणाले, हो, हो. पंच घाई करत होता, "यल्ला, मॅडम." मी अंगठा वर केला. टाळ्या पडल्या. मॅच संपायला आणखी बराच वेळ होता आणि तो सगळा वेळ ते खेळले, त्यात एकदा पुन्हा पडले. कागदावर मी माझ्या स्वच्छ अक्षरात लिहिलं, पाचही उत्तरं बरोबर.

का केलं, याची कारणं मी स्वतःला पुष्कळ देऊन पाहिली. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं आपल्यात म्हणतात. मोठ्या माणसाची मूठ चारचौघांत उघडायची नाही, हे आपल्या रक्तातच असतं. वर इथली सवय, फिट लिहून टाकायची. पण खरं सांगायचं तर मला त्या क्षणी त्यांची उपकारकर्ती व्हायचं होतं. ज्याच्यापायी सबंध देशाचा आवाज बसला त्या माणसाला मी वाचवलं, असं मला वाटलं, आणि ते मला आवडलं.

दोन दिवसांनी ते दवाखान्यात आले. पडद्याआड गेल्यावर हळूच म्हणाले, "तुम्ही सांगितलंत म्हणून." मग त्यांनी कबूल केलं की हे आजचं नाही. उन्हाळ्यापासून वार चुकतात, गाडी कुठे लावली ते आठवत नाही, मुलांची नावं ते हाताच्या तळव्यावर लिहून नेतात. बायकोला सांगू नका म्हणाले. नाताळला त्यांचे दोघे मुलगे फ्रान्सहून येणार होते. तेवढा नाताळ नीट पार पडू दे. मी म्हटलं, डॉक्टरांकडे जायला हवं. ते म्हणाले, नाताळनंतर. मी म्हटलं, बरं.

इतकं सोपं होतं ते. बरं.

तेव्हापासून रोज सकाळी सिग्नलला गाडी अडकली की मी त्यांना मेसेज करू लागले. आज मंगळवार. पाच वाजता बारा वर्षांखालची मुलं. शिट्टी निळ्या पिशवीत. काल त्या उंच मुलाच्या आईशी बोलायचं राहिलंय. चिठ्ठ्याच त्या, दुसरं काय. अण्णांच्या मुलीने रोज एक चिठ्ठी खिडकीतून आत टाकावी. दवाखान्यातही आमची खूण ठरून गेली. त्यांना काही आठवेना झालं की ते माझ्या हाताकडे बघत. मी बोटांनी आकडा दाखवत असे किंवा कॅलेंडरकडे हात नेत असे. आम्हाला ते इतकं सवयीचं झालं की कधीकधी हसूही यायचं. नाताळ नीट पार पडला. त्यांनी मला फोटो पाठवला, दोन मुलगे आणि मध्ये ते. खाली त्यांनी मुलांची नावं लिहिली होती, माझ्यासाठी लिहिली असं मी तेव्हा समजले.

नाताळनंतर मी डॉक्टरांचा विषय काढला. एकदा काढला, दोनदा काढला. ते म्हणाले मोसम संपू दे. अकादमीचा करार, त्यावर व्हिसा, त्यावर घर. हे गणित मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

फेब्रुवारीत एका दुपारी त्यांचा फोन आला. क्लबला जायला निघाले होते आणि आपण कुठे आहोत ते कळत नव्हतं. समोर काय दिसतंय विचारलं तर म्हणाले, इमारती, खूप कपडे वाळत घातलेल्या इमारती. दुकानाची पाटी वाचायला लावली. ते आमच्याच गल्लीच्या तोंडाशी होते, अल नहदाला. मी घरच्या कपड्यांत तशीच खाली धावले. रस्त्याच्या मधोमध गाडी उभी, मागे भोंग्यांचा कल्लोळ, आणि हा धिप्पाड माणूस स्टिअरिंग दोन्ही हातांनी धरून रडत होता. त्यांना बाजूला बसवून मी गाडी चालवत दुबईला त्यांच्या घरी नेली.

दार त्यांच्या पत्नीने उघडलं. त्या इथल्या फ्रेंच शाळेत लहान मुलांना शिकवतात. त्या घाबरल्या होत्या. कोच माझ्याकडे बघत होते. मी सांगितलं की ते माझ्याकडे मानेसाठी आले होते, चक्कर आली म्हणून मीच सोडायला आले. त्यांनी माझे दोन्ही हात धरून आभार मानले आणि आत बसवून कॉफी दिली. ती कॉफी मी प्यायले, हे मला अजून सहन होत नाही.

त्यानंतर फार दिवस लागले नाहीत. ते एका दहा वर्षांच्या मुलावर विनाकारण भयंकर संतापले, तक्रार झाली, आणि क्लबने त्यांना मानाचं काहीतरी पद देऊन मैदानावरून हलवलं. घरी बसल्यावर चिठ्ठ्यांनी निभेना. पत्नीने ओळखलं आणि त्यांना मोठ्या इस्पितळात नेलं.

मार्चमध्ये ते दोघे दवाखान्यात आले. उपचारांसाठी नव्हे. कोच नेहमीच्या पलंगावर बसले आणि पाय हलवत राहिले. त्यांच्या पत्नी फाइल मांडीवर घेऊन माझ्यासमोर बसल्या. डॉक्टरांनी सांगितलं होतं की हे एका माराचं काम नाही, तीस वर्षांत साठत आलंय. पण शेवटचा मार कधी बसला आणि त्यानंतर लक्षणं कधी दिसली, एवढं त्यांना हवं होतं. क्लबने नोव्हेंबरचा कागद दिला होता. तो त्यांनी माझ्यासमोर ठेवला. माझं अक्षर खरोखर सुंदर आहे.

त्या म्हणाल्या, "इथे लिहिलंय पाचही बरोबर. म्हणजे तेव्हा ते ठीक होते?"

मी म्हटलं, "हो."

आता हे मी का म्हटलं, याला कारण एकच होतं, भीती. माझं लायसन्स, माझा व्हिसा, लेकीची दहावी. परांची बांधणाऱ्यांची भीती मी सतरा वर्षं ऐकली होती, स्वतःची पहिल्यांदाच ऐकली.

त्यांनी मान हलवली आणि ते लिहून घेतलं. मग एक उसासा टाकून त्या नवऱ्याकडे वळल्या. डॉक्टरांनी रोज थोडा सराव घ्यायला सांगितला होता. वर्गातल्या मुलाला विचारावं तसं त्यांनी मायेने विचारलं, की आता कुठला महिना चालू आहे.

कोचनी बायकोकडे पाहिलंच नाही. त्यांनी माझ्या हाताकडे पाहिलं. निवांत, विश्वासाने पाहिलं, घाई न करता. आणि माझा हात टेबलावर होता, त्या कागदाशेजारी. मी शपथेवर सांगते, मी ठरवून काही केलं नाही. माझी तीन बोटं आपोआप उघडली.

"मार्च," कोच म्हणाले.

त्यांच्या पत्नी माझ्या बोटांकडे बघत होत्या. मी हात मागे घेतला, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. त्यांनी पेनचं टोपण लावलं. मग विचारलं, "कधीपासून?"

मी सगळं सांगितलं. बाटलीवरची बोटं, सकाळचे मेसेज, नाताळ, आमच्या गल्लीतली गाडी. कोच मध्येमध्ये मान डोलावत होते, दुसऱ्या कुणाची तरी गोष्ट ऐकावी तसे.

त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर मला धरायला काहीतरी मिळालं असतं. त्या एवढंच म्हणाल्या, "नोव्हेंबरमध्ये त्यांना स्वतःचं ठरवता आलं असतं. कुठे राहायचं, मुलांना काय सांगायचं, माझ्याशी काय बोलायचं. आता ते मी ठरवतेय." मग त्यांनी फाइल बंद केली आणि नवऱ्याच्या बुटाची सुटलेली नाडी खाली वाकून बांधली.

मी त्याच आठवड्यात खरं काय ते क्लबला आणि आमच्या डॉक्टरांना लिहून दिलं. माझं जे व्हायचं ते होईल, अजून काही कळलेलं नाही. एप्रिलमध्ये ते दोघे फ्रान्सला निघून गेले. अण्णांना मी फोनवर सांगायला घेते आणि हवेबद्दल बोलून ठेवते. त्र्याऐंशीव्या वर्षी त्यांना आपले सगळे विद्यार्थी बाकासकट आठवतात.

पण त्या दिवशीचं अजून थोडं राहिलंय. त्यांच्या पत्नीने दार उघडून धरलं होतं. कोच बाहेर पडता पडता थांबले आणि परत माझ्यापाशी आले. त्यांचा चेहरा पेपर सोडवून बाहेर आलेल्या पोरासारखा झाला होता, उजळलेला आणि थोडा धास्तावलेला. त्यांनी खाली वाकून, बायकोला ऐकू जाऊ नये अशा आवाजात मला विचारलं, "पाचही बरोबर?"

मी म्हटलं, "पाचही, कोच."